तडजोडीचा हुकूमनामा आणि त्याची बजावणी : घरमालक-भाडेकरू वादांचा ऐतिहासिक अभ्यास (विशेष संदर्भ : कोल्हापूर)

प्रस्तावना :

घरमालक व भाडेकरू यांच्यातील दाव्याचा शेवट प्रत्येक वेळी गुणदोषांवरील निकालानेच होतो असे नाही. कधी साक्षीपुरावा सुरू होण्यापूर्वी, तर कधी अपिलात उभय पक्ष एकत्र येतात, वकिलांच्या साहाय्याने अटी लिहून काढतात आणि ‘तडजोड पुरसीस’ न्यायालयात दाखल करतात. अटी मान्य असल्याची खात्री न्यायाधीश करून घेतात, पुरसिशीवर निशाणी क्रमांक पडतो आणि त्या अटींप्रमाणे हुकूमनामा तयार होतो. यात कोणी हरलेला नसतो. म्हणून वादाचा हा सर्वांत चांगला शेवट मानला जातो. परंतु ठरलेली मुदत उलटूनही जागेचा ताबा मिळाला नाही की तेच पक्षकार ‘दरखास्त’ घेऊन पुन्हा त्याच न्यायालयात येतात. हिंदुस्थानातील पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हाती आल्यानंतर सुरू होतात, अशा अर्थाचे निरीक्षण प्रिव्ही कौन्सिलने १८७२ मध्ये दरभंगा संस्थानाच्या एका प्रकरणात नोंदवले होते. दीडशे वर्षांनंतरही ते जुने झालेले नाही.

आपखुशीने केलेली तडजोड बजावण्यासाठी सक्ती का लागते, आणि त्या सक्तीला बळ कोठून मिळते, हा प्रस्तुत लेखाचा विषय होय. त्यासाठी मराठेशाहीतील न्यायपद्धती, इंग्रजी अंमलातील दिवाणी कायदा, स्वातंत्र्योत्तर भाडेनियंत्रण व कुळकायदा आणि अलीकडील न्यायनिर्णय यांचा क्रमाने विचार केला आहे. तडजोडीचा हुकूमनामा बजावता येईल किंवा नाही हे दरखास्तीच्या दिवशी नव्हे, तर तडजोड नोंदवली जाते त्या दिवशीच बहुतांशी ठरते, असे या लेखाचे प्रतिपादन आहे.

मराठेशाहीतील राजीनामा आणि येजितखत :

‘राजीनामा’ हा शब्द आज नोकरी वा पद सोडण्यासाठी वापरला जातो. मराठेशाहीच्या न्यायव्यवहारात त्याचा अर्थ निराळा होता. वाद पंचायतीकडे सोपविताना वादी व प्रतिवादी यांच्याकडून ‘पंचांचा निवाडा आम्हांस मान्य राहील’ अशा आशयाचा लेख घेतला जाई, तो राजीनामा. त्याबरोबर दोन्ही पक्षांकडून जामीन घेतले जात. निवाडा झाल्यावर जिंकलेल्या पक्षास निवाडपत्र मिळे आणि हरलेल्या पक्षाकडून ‘येजितखत’ लिहून घेतले जाई. आपला दावा खोटा ठरला व यापुढे त्याविषयी कज्जा करणार नाही, अशी ती लेखी कबुली असे. जिंकलेल्याने ‘हरकी’ आणि हरलेल्याने ‘गुन्हेगारी’ सरकारात भरावयाची असे. वि. त्र्यं. गुणे यांच्या मराठ्यांच्या न्यायव्यवस्थेवरील, डेक्कन कॉलेजने १९५३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात या पद्धतीचे सविस्तर विवेचन आढळते.

या काळातील वाद मुख्यतः वतन, शीव, वारसा व कर्ज यांविषयीचे असत. घरभाड्याचे कज्जे हा त्या व्यवस्थेचा प्रमुख विषय नव्हता. तरीही पद्धती म्हणून तिचे महत्त्व आहे. पक्षकाराची संमती दोनदा लेखी घेतली जाई, एकदा निवाड्यापूर्वी व एकदा निवाड्यानंतर. शिवाय त्या संमतीमागे जामीनदार आणि गोत यांचे वजन उभे असे. म्हणजेच नुसत्या शब्दावर विसंबून न राहता बजावणीची तरतूद संमतीच्या वेळीच करून ठेवलेली असे. करवीर राज्य याच परंपरेतील होते.

या व्यवस्थेची दुर्बल बाजूही होती. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन याने पेशव्यांकडून जिंकलेल्या मुलखाविषयी १८१९ मध्ये जो अहवाल लिहिला, त्यात पंचायतीचे गुण मान्य करून तिच्या हाती स्वतःची सत्ता नसल्याचेही त्याने दाखवून दिले. सरकारी अंमलदाराने मनावर घेतले तरच निवाडा बजावला जाई. नाहीतर सावकारास ‘तकाजा’ लावून, ऋणकोच्या दारात माणूस बसवून, आपले येणे वसूल करावे लागे. संमती होती, परंतु तिला अंमलात आणणारी नियमित यंत्रणा नव्हती.

इंग्रजी अंमल : पंचांची तडजोड आणि दिवाणी संहिता :

ती यंत्रणा इंग्रजी न्यायालयांनी आणली. एल्फिन्स्टनच्या काळातील १८२७ ची नियमावली, त्यानंतर १८५९, १८७७ व १८८२ च्या दिवाणी प्रक्रिया संहिता आणि अखेरीस १९०८ ची संहिता असा हा क्रम आहे. १८८२ च्या संहितेतील कलम ३७५ व १९०८ च्या संहितेतील आदेश २३, नियम ३ यांचा गाभा एकच आहे. दावा ‘कायदेशीर’ करारनाम्याने वा तडजोडीने मिटला असल्याचे न्यायालयाच्या समाधानाप्रमाणे सिद्ध झाले, तर न्यायालयाने ती तडजोड नोंदवून तिच्याप्रमाणे हुकूमनामा द्यावा. ‘कायदेशीर’ हा शब्द येथे कळीचा आहे. पुढील शंभर वर्षांतील बराचसा वाद याच शब्दाभोवती फिरला.

महाराष्ट्रात याच काळात एक वेगळा प्रयोग झाला. १८७५ च्या दख्खनच्या दंग्यांनंतर १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू झाला. त्याखाली तडजोड करून देणारे पंच नेमले गेले. त्यांच्यासमोर झालेला लेखी करार न्यायालयाकडे जाई आणि न्यायालयाने दाखल करून घेतल्यावर त्यास हुकूमनाम्याचे बळ मिळे. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी या कायद्याखालील विशेष न्यायाधीश म्हणून काम केले होते. न्यायालयाबाहेरील तडजोडीला न्यायालयाची मोहोर लावून ती बजावण्याजोगी करणे, ही आजच्या लोकअदालतीमागील कल्पना अशा रीतीने सह्याद्रीच्या पूर्वेस सव्वाशेहून अधिक वर्षांपूर्वीच अंमलात आलेली होती. कोल्हापूर संस्थान असल्याने त्या चार जिल्ह्यांत नव्हते. १ मार्च १९४९ रोजी ते मुंबई राज्यात विलीन झाले, त्यानंतर येथील न्यायालये मुंबईच्या न्यायव्यवस्थेचा भाग बनली आणि भाड्याचे वाद मुंबईच्या कायद्याने सुटू लागले.

भाडेनियंत्रण आणि संमतीवरील मर्यादा :

भाड्याच्या वादात तडजोडीचा प्रश्न अवघड झाला तो भाडेनियंत्रणामुळे. मुंबई इलाख्यात १९३९ व १९४४ मध्ये भाडेनियंत्रणाचे कायदे झाले आणि १९४७ मध्ये ‘मुंबई भाडे, हॉटेल व निवासगृह दर नियंत्रण अधिनियम’ आला. १ सप्टेंबर १९४० रोजीचे भाडे हा प्रमाण भाड्याचा आधार मानला गेला. भाडेकरू योग्य भाडे देतो व देण्यास तयार आहे तोपर्यंत त्यास काढता येणार नाही, असे कलम १२ ने सांगितले. थकबाकी, बेकायदा पोटभाडेकरू, जागेची खराबी, मालकाची वाजवी व प्रामाणिक गरज अशी मोजकी कारणे असतील तरच ताब्याचा हुकूमनामा मिळू शकत होता. मालकाची गरज सिद्ध झाली तरी कोणाची अडचण अधिक, याचा तोल न्यायालयाने पाहावयाचा होता.

यातून एक मूलभूत प्रश्न उभा राहिला. भाडेकरूस मिळालेले संरक्षण सार्वजनिक धोरणाचा भाग असेल, तर त्याने स्वतःच्या सहीने ते सोडून दिल्यास ती तडजोड ‘कायदेशीर’ ठरते काय? मुंबईच्या वामन श्रीनिवास किणी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९५९ मध्ये सांगितले की, कायद्याने मनाई केलेल्या पोटभाड्यास मालकाने करारात परवानगी दिली होती, एवढ्याने तो करार बजावता येत नाही. हेच तत्त्व तडजोडीस लावले, तर बळजबरीच्या कराराप्रमाणे प्रामाणिक तडजोडही धोक्यात येणार होती.

व्यवहारात याहून मोठी एक अडचण होती. भाडे दीर्घकाळ गोठलेले राहिल्यामुळे जागेचा बाजारभाव आणि कायदेशीर भाडे यांत प्रचंड अंतर पडले. मालपे विश्वनाथ आचार्य प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९९७ मध्ये या गोठलेल्या भाड्याच्या तरतुदी काळाच्या ओघात अवाजवी झाल्याचे नमूद केले. ज्या जागेचे भाडे नाममात्र आहे ती सोडताना भाडेकरूने मोबदला मागणे स्वाभाविक होते. परंतु १९४७ च्या कायद्याच्या कलम १९ ने भाडेकरूस जागा सोडण्यासाठी रक्कम घेण्यास सर्वसाधारणपणे मनाई केली होती. त्यामुळे तडजोडीचा खरा आर्थिक पाया पुरसिशीत उघडपणे लिहिण्यास वाव नव्हता. कागदावर ‘मालकाची गरज मान्य आहे, अमुक तारखेस ताबा देऊ’ असे आले आणि देवघेव कागदाबाहेर राहिली, तर पुढे वाद झाल्यावर न्यायालयासमोर अर्धीच तडजोड असे. पैसे न मिळालेल्या भाडेकरूस ते मागता येत नसत, आणि पैसे दिलेल्या मालकास ते दिल्याचे सांगता येत नसे. ३१ मार्च २००० रोजी अंमलात आलेल्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम ५६ ने भाडेहक्क सोडण्याबद्दल मोबदला घेणे कायदेशीर केले. पागडीविषयीच्या चर्चेत या कलमाचा उल्लेख नेहमी होतो, परंतु तडजोडीच्या बजावणीच्या दृष्टीनेही ते तितकेच महत्त्वाचे आहे. तेव्हापासून संपूर्ण तडजोड लेखी मांडणे शक्य झाले.

कुळकायद्यातील राजीनामा : एक तुलना :

शहरातील भाडेकरूची संमती तपासण्याची स्वतंत्र पद्धत भाडेकायद्याने घालून दिली नाही. शेतीच्या कुळाबाबत मात्र ती घालून दिलेली होती. १९४८ च्या मुंबई कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियमाच्या कलम १५ नुसार कुळाने जमीन सोडल्याचा लेख मामलेदारापुढे पडताळला जाणे आवश्यक होते. कुळास या लेखाचे स्वरूप व परिणाम समजले आहेत आणि तो आपखुशीने जमीन सोडत आहे, याची खात्री मामलेदाराने करावयाची होती. रामचंद्र केशव आडके विरुद्ध गोविंद जोती चवरे या १९७५ च्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने ही पडताळणी केवळ औपचारिक नसून अनिवार्य असल्याचे स्पष्ट केले. विहित रीतीने पडताळणी झाली नसेल तर जमीन सोडल्याचा लेख निष्फळ ठरतो.

कोल्हापूरसारख्या शेतीप्रधान जिल्ह्यात ‘राजीनामा’ हा शब्द कुळाने जमीन सोडण्याच्या अर्थानेही परिचित आहे. एकाच जिल्ह्यात, एकाच काळात, शेतातील कुळाची सही तपासण्यासाठी कायद्याने अधिकारी नेमला होता. पेठेतील भाडेकरूची सही तपासण्याचे काम मात्र दिवाणी न्यायाधीशाच्या सर्वसाधारण कर्तव्यावर सोपवले होते. हा फरक लक्षात घेतला म्हणजे पुढील न्यायनिर्णयांतील चढउतार समजू शकतात.

शून्यवत हुकूमनाम्यापासून कबुलीपर्यंत :

१९६० च्या दशकाच्या अखेरीस सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीच्या भाडेकायद्याखालील बहादूर सिंग, कौशल्या देवी व फेरोजीलाल जैन या प्रकरणांत कठोर भूमिका घेतली. कायद्यातील कारण अस्तित्वात असल्याचे न्यायालयाचे समाधान झालेले नसेल, तर केवळ तडजोडीवर दिलेला ताब्याचा हुकूमनामा शून्यवत होय, असे त्यात ठरले. याचा अर्थ असा की, वर्ष-दोन वर्षांची मुदत उपभोगल्यानंतर भाडेकरू दरखास्तीत उभा राहून हुकूमनामाच शून्यवत असल्याचे सांगू शकत होता.

या भूमिकेस पुढे मुरड घातली गेली. मद्रासच्या के. के. चारी प्रकरणात १९७३ मध्ये, आणि विशेषतः नगीनदास रामदास विरुद्ध दलपतराम इच्छाराम या मुंबई भाडेकायद्याखालील प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने असे ठरवले की तडजोडीत वा दाव्याच्या कागदांत भाडेकरूने कायदेशीर कारण स्पष्टपणे किंवा ध्वनित रीतीने कबूल केले असेल, तर ती कबुलीच न्यायालयाच्या समाधानास पुरेशी आहे. १९७४ मध्ये अहवालबद्ध झालेल्या या निर्णयात भाड्याच्या थकबाकीची कबुली निर्णायक ठरली. असा हुकूमनामा बजावणीच्या टप्प्यावर शून्यवत ठरवता येणार नाही. बजावणी करणाऱ्या न्यायालयाने हुकूमनाम्याच्या मागे जाऊ नये, हे तत्त्व वासुदेव धनजीभाई मोदी प्रकरणात १९७० मध्येच मांडले गेले होते.

या बदलाने मालकास दिलासा मिळाला, परंतु जबाबदारी कागदावर आली. ‘उभय पक्षांत तडजोड झाली, प्रतिवादीने एक वर्षात ताबा द्यावा’ एवढेच लिहिलेली पुरसीस दुबळी राहिली. ‘इतक्या महिन्यांचे भाडे थकले आहे’ किंवा ‘मालकाच्या मुलास व्यवसायासाठी जागेची गरज आहे व ती प्रतिवादीस मान्य आहे’ अशी कबुली असलेली पुरसीस टिकाऊ झाली. याची दुसरी बाजूही नोंदवली पाहिजे. कबुलीचे ठरावीक वाक्य प्रत्येक पुरसिशीत उतरवले गेले, तर कायद्याने दिलेले संरक्षण एका छापील ओळीने नाहीसे होऊ शकते. ज्याचे छप्पर जाणार आहे त्यास त्या ओळीचा अर्थ कळला होता काय, हे न्यायाधीशाने सहीच्या वेळी विचारले नाही तर पुढे ते विचारणारा कोणी नसतो.

बजावणी आणि शब्दयोजना :

तडजोडीच्या शब्दांवर बजावणी कशी अवलंबून राहते, हे चार बाबतींत विशेष दिसते.

पहिली बाब मुदतीच्या काळातील पैशाची. जागा सोडेपर्यंत दरमहा द्यावयाच्या रकमेस ‘भाडे’ म्हटले, तर नवा भाडेपट्टा निर्माण झाला असा बचाव पुढे येतो. ओरिसातील कोंचाडा राममूर्ती प्रकरणात १९६८ मध्ये हाच मुद्दा होता आणि तडजोडीने नवा भाडेपट्टा झाला नाही, केवळ राहण्याची मुभा मिळाली, असे ठरले. ‘जागेच्या वापराबद्दलची नुकसानभरपाई’ असे शब्द वापरण्याची पद्धत यातूनच दृढ झाली.

दुसरी बाब सवलत व दंड यांची. वामन विठ्ठल कुलकर्णी या १९३५ च्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने महत्त्वाचा भेद केला. मूळ देणे मान्य करून वेळेवर फेडल्यास काही सूट दिली, तर ती सवलत होय. ती चुकवल्यास मूळ देणे वसूल करता येते. उलट, हप्ता चुकल्यास मूळ देण्यापेक्षा अधिक भार टाकला, तर तो दंड होय आणि न्यायालय त्यापासून मुक्ती देऊ शकते. थकबाकीच्या हप्त्यांवर भाडेकरूचा ताबा अवलंबून ठेवणाऱ्या तडजोडीस हा भेद आजही उपयोगी पडतो.

तिसरी बाब मुदतवाढीची. संमतीच्या हुकूमनाम्यातील मुदत एका पक्षाच्या संमतीशिवाय वाढवता येत नाही, असे हुकूमचंद प्रकरणात १९६७ मध्ये ठरले. पेरियाक्कल प्रकरणात १९८३ मध्ये मात्र, तडजोड न्यायालयाच्या आदेशात विलीन झाल्यावर योग्य कारणासाठी मुदत वाढवण्याचा अधिकार न्यायालयास राहतो, असे सांगितले गेले. या दोहोंमधील अंतर पुन्हा तडजोडीच्या भाषेनेच भरावे लागते.

चौथी बाब दाव्याबाहेरील मिळकतीची. जुनी जागा सोडण्याच्या बदल्यात मालक दुसऱ्या इमारतीतील गाळा देण्याचे कबूल करतो. नोंदणी अधिनियम, १९०८ च्या कलम १७ नुसार दाव्याचा विषय नसलेल्या स्थावर मिळकतीविषयीच्या तडजोड-हुकूमनाम्यास नोंदणीतून सूट नाही. हे दुर्लक्षिले गेले तर भाडेकरूचा जुना गाळा जातो आणि नव्याचा हक्क कागदावरच राहतो. जुनी इमारत पाडून नवी बांधताना भाडेकरूस पुन्हा जागा देण्याच्या तडजोडीत तर भाडेकरूच हुकूमनामाधारक असतो. बजावणी ही केवळ मालकाची गरज आहे, हा समज येथे खोटा ठरतो.

१९७६ ची दुरुस्ती आणि हमीपत्र :

दिवाणी प्रक्रिया संहितेत १९७६ मध्ये मोठी दुरुस्ती झाली व ती १ फेब्रुवारी १९७७ पासून अंमलात आली. तडजोड लेखी व पक्षकारांच्या सहीची असावी, असे आदेश २३, नियम ३ मध्ये घालण्यात आले. करार अधिनियमाखाली शून्य वा शून्यकरणीय असलेला करार ‘कायदेशीर’ मानू नये, हेही स्पष्ट झाले. तडजोड बेकायदेशीर असल्याच्या कारणावरून स्वतंत्र दावा आणण्यास नव्या नियम ३-अ ने बंदी केली. संमतीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही, हे कलम ९६(३) मध्ये आधीच होते. परिणामी, फसवणुकीची तक्रार असणाऱ्या पक्षकारास हुकूमनामा देणाऱ्या न्यायालयाकडेच परत जावे लागते. पुष्पादेवी भगत प्रकरणातील २००६ च्या निर्णयात हा मार्ग स्पष्ट करण्यात आला. बायराम पेस्तनजी गारीवाला या मुंबईच्या प्रकरणात पक्षकाराच्या वतीने वकिलाने केलेली सहीही चालते, असे ठरले होते. मात्र परतीच्या वाटा इतक्या अरुंद झाल्या असताना, जागा सोडणाऱ्या व्यक्तीने स्वतः न्यायालयात हजर राहून सही करणे अधिक सुरक्षित, यात शंका नाही.

बजावणीचा नेहमीचा मार्ग आदेश २१ चा. हुकूमनामाधारक दरखास्त देतो, ताब्याचे वॉरंट निघते, बेलीफ जागेवर जातो, आणि अडथळा झाल्यास नियम ९७ खाली अर्ज होतो. १९७६ च्या दुरुस्तीने अशा अडथळ्यातील मालकी व हक्काचे सर्व प्रश्न दरखास्तीतच निकाली काढण्याची सोय केली. मुदत अधिनियम, १९६३ नुसार ताब्याच्या हुकूमनाम्यास १२ वर्षांची मुदत आहे. अडथळा करणारी व्यक्ती पुष्कळदा मूळ भाडेकरू नसते. त्याचा भाऊ किंवा पोटभाडेकरू पुढे येतो आणि ‘तडजोडीत आमची सही नाही’ असे सांगतो. जागेत प्रत्यक्ष कोण राहते हे तडजोडीच्या वेळी पाहिले गेले नाही, त्याची किंमत येथे द्यावी लागते.

दुसरा मार्ग हमीपत्राचा. ठरल्या तारखेस जागा रिकामी करून देऊ, त्रयस्थाचा हक्क निर्माण करणार नाही, अशी हमी न्यायालयाला दिली आणि ती जाणूनबुजून मोडली, तर न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २(ब) प्रमाणे तो दिवाणी अवमान होतो. बाबूराम गुप्ता प्रकरणात १९७९ मध्ये असे ठरले की न्यायालयास स्पष्ट हमी दिलेली नसेल, तर केवळ संमतीचा आदेश मोडणे हा अवमान नव्हे. रामा नारंग प्रकरणातील २००६ च्या निर्णयाने संमतीच्या आदेशाचा हेतुपुरस्सर भंगही अवमान ठरू शकतो, असे सांगून ही मर्यादा सैल केली. तरीही हमीपत्र वेगळे घेण्याची प्रथा टिकून आहे. मराठेशाहीतील राजीनामा व जामीन यांचे काम आज एका अर्थी हे हमीपत्र करते. फरक एवढाच की जामीनदाराच्या जागी आता पक्षकाराचे स्वतःचे स्वातंत्र्य गहाण पडते.

लोकअदालत आणि मध्यस्थी :

विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ हा ९ नोव्हेंबर १९९५ पासून अंमलात आला. त्याच्या कलम २१ नुसार लोकअदालतीचा निवाडा दिवाणी न्यायालयाचा हुकूमनामा मानला जातो आणि त्यावर अपील नाही. १ जुलै २००२ पासून दिवाणी संहितेच्या नव्या कलम ८९ ने न्यायालयाबाहेरील तडजोडीचे मार्ग खुले केले. मध्यस्थी अधिनियम, २०२३ ने मध्यस्थीतून झालेल्या कराराची बजावणी हुकूमनाम्याप्रमाणे करण्याची तरतूद केली असून, फसवणूक, तोतयेगिरी अशा मोजक्या कारणांवरच त्यास आव्हान देता येईल, अशी त्याची रचना आहे. एका दिवसात शेकडो प्रकरणे मिटवणाऱ्या व्यवस्थेत प्रत्येक सहीमागील समज तपासण्यास किती अवधी मिळतो, हा प्रश्न मात्र राहतोच.

कोल्हापूरचे आजचे चित्र :

कोल्हापुरातील जुन्या पेठांतील वाडे, महाद्वार रोड व गुजरीतील दुकाने, छत्रपती शाहू महाराजांच्या काळात वसलेली शाहूपुरी, तसेच लक्ष्मीपुरी व राजारामपुरी येथील इमारती यांतून निवास आणि व्यापार पिढ्यान्पिढ्या एकत्र नांदत आले आहेत. निवासी जागेसाठी ‘लिव्ह अँड लायसन्स’ करार रूढ झाले असून मुदत संपल्यावर त्यांचा ताबा सक्षम प्राधिकाऱ्यामार्फत मिळतो. दिवाणी न्यायालयात राहतात ते मुख्यतः जुन्या भाडेहक्काचे वाद, आणि तडजोडीची खरी गरज त्यांनाच असते.

या वादांत अपिलानंतर उच्च न्यायालयात जावयाचे झाल्यास दीर्घकाळ मुंबई गाठावी लागत असे. सहा जिल्ह्यांतील वकील व नागरिक यांच्या प्रदीर्घ मागणीनंतर मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून सुरू झाले. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग हे जिल्हे त्याच्या कक्षेत आहेत. वरच्या न्यायालयात दिलेले हमीपत्र मोडल्याची तक्रार आता कोल्हापुरातच करता येते. अंतर हीच ज्यांची ढाल होती, त्यांची ती ढाल गेली आहे. दूरच्या खर्चापोटी नको ती तडजोड पत्करणाऱ्यांचीही लाचारी यामुळे कमी होईल, अशी अपेक्षा आहे.

तथापि, बजावणीचा भार मोठा आहे. राहुल शहा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढण्याचे निर्देश दिले आणि पेरियम्मल प्रकरणात मार्च २०२५ मध्ये ते पुन्हा बजावले. त्यानंतर ऑक्टोबर २०२५ मध्ये जी आकडेवारी त्या न्यायालयापुढे आली, तीनुसार देशात ८ लाख ८२ हजारांहून अधिक दरखास्ती प्रलंबित होत्या आणि त्यांत महाराष्ट्राचा वाटा सर्वाधिक, ३ लाख ४० हजारांच्या वर होता. या सर्व भाड्याच्या दरखास्ती नव्हेत. परंतु भाड्याची दरखास्त याच रांगेत उभी असते.

निष्कर्ष :

१. मराठेशाहीच्या पंचायतीपासून मध्यस्थी अधिनियमापर्यंत कोणत्याही व्यवस्थेने केवळ संमतीवर तडजोड सोडलेली नाही. प्रत्येकीने संमतीच्या वेळीच बजावणीचा आधार उभा करण्याचा प्रयत्न केला.

२. भाडेनियंत्रणामुळे तडजोडीस कायदेशीर कारणाची जोड आवश्यक झाली. नगीनदास निर्णयाने हुकूमनाम्यास स्थैर्य दिले, परंतु भाडेकरूचे संरक्षण एका कबुलीच्या वाक्यावर आणून ठेवले.

३. मोबदल्यावरील मनाईमुळे २००० पूर्वीच्या तडजोडीत खरा व्यवहार कागदावर मांडण्यास वाव नव्हता. कलम ५६ नंतर तो लपविण्याचे कारण उरलेले नाही, म्हणून रक्कम, तारीख व परस्परावलंबी अटी स्पष्ट लिहिल्या गेल्या पाहिजेत.

४. कुळाच्या राजीनाम्यासाठी जी पडताळणी अनिवार्य ठरली, तिचे तत्त्व भाड्याच्या तडजोडीत न्यायाधीशांनी स्वेच्छेने पाळणे इष्ट आहे. अटी पक्षकारास त्याच्या भाषेत समजावून सांगणे, त्याच्या कबुलीची नोंद करणे आणि जागेत राहणाऱ्या इतर व्यक्तींची माहिती घेणे, एवढ्याने दरखास्तीतील बरेच आक्षेप आधीच मिटतील. १९९८ पासून जिल्हा व तालुका न्यायालयांची भाषा मराठी झालेली असल्याने यात भाषेची अडचणही राहू नये.

५. विधी महाविद्यालयांच्या विधी साहाय्य केंद्रांतून दावा व कैफियत लिहिण्याबरोबरच तडजोड पुरसीस लिहिण्याचे शिक्षण दिले जावे. इतिहास, समाजशास्त्र व वाणिज्य विभागांनाही दिवाणी न्यायालयांतील जुन्या पुरसिशींत शहराच्या घरांचा व पेठांचा मोठा दस्तऐवज सापडू शकेल.

मालकास ताब्याऐवजी कागद मिळणे आणि भाडेकरूचे छप्पर न समजलेल्या सहीने जाणे, या दोन्ही आपत्ती एकाच उणिवेतून उद्भवतात. तडजोड नोंदवताना ती नीट तपासली गेलेली नसते. ही तपासणी जितकी काळजीपूर्वक होईल, तितकी बेलिफाची गरज कमी पडेल.